स्क्रममध्ये पाय लागला तर

माझी वहिनी भारताच्या महिला रग्बी संघातून खेळते, हे आमच्या डोंबिवलीच्या सोसायटीत सगळ्यांना माहीत आहे. रग्बी म्हणजे काय, हे मात्र कोणालाच माहीत नाही. पहिल्या मजल्यावरचे गोपीनाथकाका लिफ्टमध्ये भेटले की विचारतात, "काय रे अपूर्व, हेमांगीचा स्कोअर किती?" मी सांगतो, "नाबाद." ते समाधानाने पहिल्या मजल्यावर उतरतात.

वहिनी हूकर आहे. सातजणींच्या रग्बीत स्क्रम होतं तेव्हा दोन्हीकडच्या तिघी-तिघी एकमेकींना घट्ट धरून वाकतात आणि समोरच्या तिघींना खांद्याने रेटतात. मधे बॉल टाकतात. हूकरने तो पायाने मागे ओढायचा. धरलेला हात सोडायचा नाही. सोडला की पेनल्टी.

गुडघ्याच्या ऑपरेशननंतर वहिनी वर्षभर घरी होती. आता ठाण्यात निवड चाचणी होती, आणि तिच्या कोचने फोनवर सरळ सांगितलेलं, "पळायला तरुण पोरी आहेत गं. तू स्क्रम जिंकलीस तर कॅम्पला जाशील. नाही तर माझ्यासारखी शिट्टी फुंकायला ये."

सरावाला आणखी पाचजणी हव्या होत्या. क्लबमधल्या मुली कोणी नोकरीला, कोणी परीक्षेला. जेवताना वहिनी हे रडगाणं गात होती, तेव्हा आई, म्हणजे तिची सासू प्रमोदिनी, पोळी लाटता लाटता म्हणाली, "वाकायचं, हात धरायचे, रेटायचं. एवढंच ना? मग मंगळागौरीत आम्ही दुसरं काय करतो?"

आईचा मंगळागौरीचे खेळ करणारा ग्रुप आहे. कल्याणपासून ठाण्यापर्यंत सुपाऱ्या घेतात. सगळ्याजणी साठीकडे झुकलेल्या, पण फुगडीत समोरची भिंतीला जाऊन लागल्याची उदाहरणं आहेत. खडवलीच्या शेवंतीमावशीने तर एकदा सूप नाचवताना हॉलचा पंखा बंद पाडलेला.

दुसऱ्या दिवशी गच्चीवर पहिलं स्क्रम लागलं. आई वहिनीच्या बाजूला, शेवंतीमावशी समोर. "वाका, धरा, रेटा!" आई ओरडली. मी बॉल टाकला. वहिनीने पाय पुढे घातला, तो बॉलच्या आधी शेवंतीमावशीच्या पायाला लागला.

वहिनीने हात सोडला, मावशीच्या पायाला लावला आणि कपाळाला नेला. स्क्रम कोसळलं. ढिगाच्या तळातून मावशीचा आवाज आला, "असू दे गं बाई. सुखी राहा."

आता मोठ्या माणसाला पाय लागला की नमस्कार करायचा, हे आपल्याला चालायच्या आधी शिकवतात. परदेशी संघांसमोर वहिनीला कधी अडचण आली नव्हती. परक्या देशातले पाय, ओळख ना पाळख. पण सासूच्या मैत्रिणी! आठवडाभर तेच चाललं. पाय, नमस्कार, आशीर्वाद, पेनल्टी. एकीने तर उताणी पडल्या पडल्या "गोड बातमी कधी?" असंही विचारून घेतलं.

"आई, सगळे नमस्कार आधीच उरकून टाकू का?" वहिनी रडकुंडीला आली.

"पाय लागायच्या आधी कसला नमस्कार? मोबाईलचा रिचार्ज आहे का?" आईने विचार केला. "हात सोडू नकोस. पाय लागला की तोंडाने म्हण, 'लागला!' समोरची म्हणेल, 'असू दे!' झाला नमस्कार."

मग मात्र गाडी सुटली. 'लागला', 'असू दे', बॉल मागे. गच्चीवर वहिनीला कोणी आवरेना.

चाचणीला अख्खा ग्रुप नऊवारीत आला, कारण नंतर ठाण्यातच कार्यक्रम होता. हूकरची एकच जागा होती. दुसरी दावेदार समोरच्या संघातली सांगलीची समृद्धी, वीस वर्षांची, दरवाजाएवढे खांदे.

पहिलं स्क्रम. वहिनीचा पाय लागला आणि सवयीने तोंडातून निघून गेलं, "लागला!"

समृद्धी चांगल्या घरची. "असू दे, ताई," म्हणाली, आणि म्हणताना तिचा खांदा ढिला पडला. ज्याला आत्ताच माफ केलं, त्याला रेटायला जोर येत नाही. बॉल आमचा. दुसऱ्यांदाही तेच. समृद्धीच्या कोचने पंचांकडे तक्रार केली. पंच म्हणाले, "माफी मागू नये असा नियम नाही."

मध्यंतरात समृद्धी पाणी पीत बराच वेळ वहिनीकडे बघत होती. पुढच्या स्क्रममध्ये तिने आधी पाय घातला. "लागला, ताई!"

"असू दे!" वहिनीचा खांदा ढिला. बॉल गेला.

"पोरगी हुशार आहे," शेवंतीमावशी म्हणाली.

"वळण चांगलं आहे," आई म्हणाली. मी दोघींना आठवण करून दिली की आपण कोणाच्या बाजूने आलोय.

शेवटचं स्क्रम. निवड समितीचे लोक खुर्च्या सोडून रेषेपाशी आलेले. जी हे जिंकेल ती जाणार, हे सगळ्यांनाच कळलेलं.

"लागला, ताई!"

"लागू दे!" वहिनी गरजली आणि तिघींनी मिळून असं काही रेटलं की समोरच्या तिघी चिखलात बसल्या. बॉल मागे, शिट्टी, आणि थोड्या वेळाने माईकवर नाव: हेमांगी.

आईला एकाच वेळी पेढे वाटायचे होते आणि सुनेच्या बोलण्याची माफीही मागायची होती. तिने ओचा सावरत मैदान गाठलं आणि पहिला पेढा समृद्धीला दिला. "बाळा, ती तशी नाही गं. घरात आवाजसुद्धा नसतो तिचा."

समृद्धीने चिखलाच्या हातानेच पेढा खाल्ला. "काकू, ताई रिटायर कधी होणार?"

"थांब हं, विचारते." आई मैदानभर ऐकू जाईल अशी ओरडली, "हेमांगीऽऽ! ही विचारतेय, तू रिटायर कधी होणार?"

लांबून, कोचच्या मिठीतून, वहिनीचा आवाज आला, "सांगा तिला, आत्ता तर परत आलेय!"

समृद्धीने मान डोलावली आणि अजून एक पेढा मागितला.