पायाला पोर

माजिवड्याचं फिरंग्यांच्या काळातलं ख्रिस्ती देऊळ पडून पिढ्या लोटल्या होत्या. ठाण्याला आगगाडी आली, त्यानंतर ते पुन्हा बांधायला काढलं. पण पुढची भिंत दोनदा ढासळली आणि पायाला पोर हवंय, अशी कुजबूज उठली.

बाळकुमची तुळसा तिथं चुन्याच्या पाट्या वाही. दुपारी ती चिंचेखाली आली, तर फांदीला टांगलेली पोराची झोळी रिकामी. ती धावत सुटली ती थेट पायाच्या चरात उतरली. डोक्यावर दोरांना बांधलेला दगड लोंबत होता.

"वर ये गो, दोर सुटंल," पास्कू मिस्त्री म्हणाला.

"माजा पोर दाखव, मंग ठेव दगड."

गड्यांनी दोर तसाच ओढून धरला. तेवढ्यात पास्कूची बायको कातरीन पडक्या वेदीमागून आली. तिच्या पदराखाली पोर झोपलं होतं.

"मीच लपवला," ती म्हणाली.

"माज्यापासून? अगो, नवरा हाय मी तुजा."

"दोनदा भिंत पडली तुजी. तिसऱ्या खेपेला माणसाचा काय भरवसा?"

तुळसा वर आली. तिनं पोर छातीशी घट्ट धरलं. तरी दगड खाली बसेपर्यंत दोघीही चराच्या काठावरून हलल्या नाहीत.