थांबायची खूण

मला मूकाभिनयात आंतरशालेय पहिलं बक्षीस मिळालं आणि त्या दिवसापासून लोकांनी माझ्याशी खोटं बोलणं खरं तर बंदच करायला हवं होतं. चार मिनिटं एक अक्षर न बोलता मी गॅसची टाकी जिन्यावरून चढवली, निसटवली, पायावर पाडली, आणि शेवटच्या रांगेतला माणूससुद्धा पाय आवळून बसला! आमच्या प्रतिभा मॅडम म्हणाल्या, "सुचेता, जबान झूठ बोलती है, हाथ नहीं." झालं. मी अकरावीतली, बरखेड्यात कारखान्याच्या कॉलनीत राहणारी, आणि आता अख्ख्या कॉलनीचे हात वाचायला मोकळी. वर्गातल्या मीनानं माझं पेन ढापलंय हे मी तिच्या कोपरावरून ओळखलं. सच्ची!

पहिला मोठा संशयित मात्र घरातच निघाला. बाबा.

बाबा कारखान्यात क्रेन चालवतात. शेडच्या छताखाली रुळांवर धावते ती, अजस्र. बाबा वर काचेच्या केबिनमध्ये, आणि खाली जमिनीवर भालचंद्रकाका. काका हातांनी खुणा करतात, त्याप्रमाणे बाबा लोखंडाचे अवाढव्य तुकडे उचलतात नि ठेवतात. त्या गोंगाटात तोंडानं सांगून कुणाला कळणार? अठरा वर्षांची जोडी आहे ही. काकांचं क्वार्टर आमच्या अगदी समोर, मधे मैदान, त्यामुळे घरीही दोघं हातांनीच बोलतात. काकांनी बाल्कनीतून अंगठा ओठांशी नेला की बाबा आत बघून म्हणणार, "दोन कप चहा टाक गं." आईचं ठरलेलं उत्तर, "लग्न माझ्याशी केलंत आणि गप्पा सगळ्या त्यांच्याशी."

विश्वकर्मा पूजेच्या दिवशी कारखाना घरच्यांना बघायला उघडतात. यंदा मी काकांना सोडलंच नाही, सगळ्या खुणा शिकून घेतल्या. बोट वर करून गोल फिरवलं की उचल. एका हातानं खूण करायची आणि दुसऱ्याचा तळवा तिच्यावर आडवा धरायचा, म्हणजे हळू. हात बाजूला सरळ, तळवा खाली, आणि हवा कापत इकडून तिकडे, म्हणजे थांब.

"आणि एक ऐक बेटा," काका म्हणाले. "क्रेनवाला फक्त आपल्या माणसाची खूण मानतो. बडे साहेब आले तरी त्यांची नाही. पण थांबची खूण कुणीपण करू दे, चहावाला करू दे, तू कर. थांबायचंच. का ते मग विचारायचं."

मी लगेच करून बघितली. क्रेन जागच्या जागी थांबली! वरून बाबांनी मला सॅल्यूट ठोकला. मी तर हवेतच.

हे सप्टेंबरात. नोव्हेंबरात संध्याकाळी बाल्कनीतून मी एक खूण पाहिली जी मला कुणी शिकवली नव्हती. काकांनी शर्टाची उजवी कॉलर ओढली. बाबांनी उजवं बोट वर केलं. काकांनी डावी ओढली. बाबांचं डावं बोट वर. मग बराच वेळ काही नाही, मग पुन्हा डावी. चांगला पाव तास चाललं. दुसऱ्या दिवशी पुन्हा. तिसऱ्या दिवशी पुन्हा. आणि चहा आलाच नाही!

"बाबा, ही कसली खूण?" मी विचारलं.

बाबा हसले. "हो हो, छान झालं."

आता हे काय उत्तर झालं? आणि सांगताना बघत कुठे होते? माझ्या डोळ्यांत नाही, ओठांकडे! नजरेला नजर न देणारा माणूस काहीतरी लपवतो हे तर लहान मुलालाही ठाऊक असतं. मग मी रोज टिपायला लागले. बोलताना मान एका बाजूला कलती. नको तिथे होकार. आणि आई म्हणालीच, "हल्ली दहा हाका मारल्याशिवाय ओ देत नाहीत. लक्ष कुठे असतं कुणास ठाऊक."

मला ठाऊक होतं. तांब्याच्या तारेत! त्याच आठवड्यात कॉलनीभर कुजबुज होती की कारखान्यातून तांब्याची तार गायब होतेय, गेटवर डबेसुद्धा उघडून बघतायत. आणि त्याच आठवड्यात काकांच्या डाव्या हाताला हे मोठं बँडेज.

"स्कूटरच्या स्टँडनं लागलं," काका म्हणाले.

"स्टँड पायानं लावतात, काका."

"तू लाव पायानं. आम्ही कलाकार लोक."

असं म्हणताना त्यांनी बाबांकडे बघितलं आणि बाबांनी मान खाली घातली. एवढा पुरावा कोर्टालाही पुरला असता. शिवाय स्वयंपाकघरातल्या कॅलेंडरवर शुक्रवारभोवती लाल गोल. आईला विचारलं तर म्हणे, "मी नाही काढला." म्हणजे काय होणार होतं ते शुक्रवारी होणार होतं, आणि माझे बाबा, माझे सॅल्यूट ठोकणारे बाबा, बेड्या घालून मैदानातून नेले जाणार होते. रोज रात्री रडू यायचं. पण पुराव्याशिवाय बोलायचं नाही असंही मी ठरवलं होतं.

गुरुवारी संध्याकाळी सापळा लावला. बाबा बाल्कनीत माझ्याकडे पाठ करून बुटाला पॉलिश करत होते. तोंड खोटं बोलेल, खांदे थोडेच बोलणार? मी तीन पावलांवर उभी राहिले आणि म्हटलं, "बाबा, खाली पोलीस आलेत. काकांना घेऊन गेले."

खांदे हलले नाहीत. ब्रश चालूच.

काय हिंमत! मी आवाज चढवला. "बाबा, मी सहामाहीत नापास झाले."

ब्रश चालूच. तेवढ्यात आत आईच्या हातून पितळी पातेलं पडलं, असं दणकन की मी उडाले. खालच्या मजल्यावरचा कुत्रा भुंकला. आणि बाबांच्या ब्रशचा ताल चुकला नाही. मजेत, डावीकडून उजवीकडे, डावीकडून उजवीकडे.

ओठांकडे बघणं. कललेली मान. "हो हो, छान झालं."

बाबांना ऐकू येत नव्हतं.

मी मैदान धावत ओलांडलं, काकांच्या बाल्कनीत जाऊन उभी राहिले आणि एका दमात विचारलं, "बाबांच्या कानांचं तुम्हाला माहितीये. शुक्रवारी काय आहे?"

काका आधी हसायला गेले. मग खुर्चीत बसले. "मेडिकल आहे बेटा. कानांचं. काचेच्या खोलीत बसवतात, कानांवर ते डबडं लावतात. आत पीं वाजलं की ज्या कानात वाजलं त्या बाजूचं बोट वर करायचं. मशीनवर तेव्हा लाल दिवा लागतो, डाव्याचा वेगळा, उजव्याचा वेगळा. दारातून दिसतो. माझा नंबर त्याच्या मागेच आहे."

"म्हणून कॉलर."

"म्हणून कॉलर."

"आणि नापास झाले तर?"

"केबिनमधून खाली. टूल स्टोअरमध्ये पाने-पक्कड देत नि घेत बसायचं. तुझा बाबा, आपला अनंता? मरेल गं तो. वर चढला की राजा असतो." काका माझ्याकडे न बघता म्हणाले, "अन् वर कानांचं काम काय? माझे हात दिसतात ना त्याला."

"तुमच्या हाताला काय झालंय, काका?"

त्यांनी बँडेजचा हात पाठीमागे नेला. आता हे वाचायला बक्षीस लागत नाही.

"काका."

"मी लोखंडाच्या पलीकडे होतो," ते हळूच म्हणाले. "दिसत नव्हतो त्याला. ओरडलो. भोंगापण वाजवला कुणीतरी. बोटांवरच निभावलं, नशीब."

"आणि तरी उद्या कॉलर ओढणार?"

"अठरा वर्षं झाली बेटा," एवढंच म्हणाले.

समोर आमच्या बाल्कनीत बाबा येऊन उभे राहिले होते. बूट चकचकीत करून, शेवटच्या सरावाला तयार. काकांचा हात आपसूक कॉलरकडे गेला आणि बाबांचं उजवं बोट निम्मं वर आलं.

मी काकांच्या पुढे जाऊन उभी राहिले. हात बाजूला सरळ केला, तळवा खाली, आणि हवा कापली. थांब. पुन्हा. पुन्हा.

बाबांचं बोट तसंच अर्ध्यावर. त्यांनी माझ्याकडे बघितलं, मग माझ्या मागे काकांकडे, मग काकांच्या बँडेजकडे. माझा दंड भरून आला तरी मी हात खाली घेतला नाही. काकांनी कॉलर सोडली. बाबा वळले, आत गेले आणि दार लावून घेतलं.

जेवताना मी त्यांच्याकडेच बघत होते. मला वाटलं होतं चेहरा बघून कळेल. काही कळलं नाही. पोळी तोडणारे हात नुसते पोळी तोडत होते. सकाळी नेहमीसारखे काकांच्या स्कूटरवर बसून गेले, आणि मी दिवसभर वर्गात एकच विचार करत बसले, की अठरा वर्षांच्या सवयीपुढे माझी एक खूण किती टिकणार? काकांवर माझा विश्वास नव्हता. बाबांवरही नव्हता, खरं सांगायचं तर.

संध्याकाळी काका एकटेच आले.

"खुर्ची दाराकडे तोंड करून होती," ते उंबऱ्यातूनच म्हणाले. "त्यानं उचलली, भिंतीकडे फिरवली अन् बसला. दिवा लागत होता, विझत होता. दोन्ही हात मांडीवर. मी आपला कॉलर धरून उभा."

"धरली होतीच?"

"सवय गं," काका म्हणाले आणि नाक पुसलं.

बाबा टूल स्टोअरमध्ये जायला लागले. माझ्याशी आठ दिवस बोलले नाहीत. तोंडानं नाही आणि हातांनीही नाही, आणि दुसरं जास्त लागलं. रविवारी समोरून काकांनी अंगठा ओठांशी नेला. बाबांनी बघितलं आणि नजर वळवली. मग मीच दोन कप टाकले, एक बाबांच्या पुढ्यात ठेवला, त्यांच्या समोर येऊन बसले आणि सुरू झाले. पोलीस, तांब्याची तार, खांदे, सहामाहीत मी पास आहे, काकांची बोटं, मी चोर समजत होते तुम्हाला, सॉरी, सॉरी, सॉरी. श्वास न घेता.

बाबा माझ्या ओठांकडे बघत राहिले. मग त्यांनी उजव्या हाताची बोटं चोचीसारखी उघडमीट केली, बडबड चाललीय तशी. आणि डाव्या हाताचा तळवा तिच्यावर आडवा धरला.

हळू.

मी पुन्हा पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.