कललेला ओळंबा

तुमच्याकडे गवंड्याचा ओळंबा सरळ लटकत असेल, लटको बापडा. आक्काच्या मुलखात त्याला गोष्टींची मर्जी सांभाळावी लागायची. तिथे अर्ध्या सांगून राहिलेल्या गोष्टींना ओढ असायची. एका गोष्टीचे दोन तुकडे, एक एकाकडे, दुसरा दुसऱ्याकडे, आणि ते दोघं एका छपराखाली आले की पेल्यातलं पाणी तिरकं व्हायचं, दिव्याची ज्योत वाकायची आणि गवंड्याच्या दोरीचं वजन सरळ खाली यायचं सोडून बाजूला कलायचं. अशा ओळंब्यावर बांधलेली भिंत वर्षभरात कोसळणार, हे शेंबडं पोरही सांगे. म्हणून नियम असा, की घरातल्यांनी आधी आपल्या अर्ध्या गोष्टी पुऱ्या करायच्या, मग पहिली वीट. आणि त्याच्याही आधी गवंड्याने थापीवर हात ठेवून शपथ घ्यायची, माझ्यापाशी अर्धी गोष्ट नाही. शपथ खोटी निघाली तर थापी खाली ठेवायची, ती कायमची.

आक्का स्वतः गवंडीकाम करायची, तीस वर्षं ती शपथ घेत होती आणि तीस वर्षं खोटं बोलत होती. पचत होतं, कारण एकटा तुकडा कुणाला ओढणार? त्याचा जोडीदार कधी आसपास फिरकलाच नव्हता.

पाववालीच्या भट्टीमागची भिंत जुनी होऊन पडली, तेव्हा तिने आक्काला बोलावलं. आठ दिवस भट्टी थंड होती. आक्काने नेहमीसारखी घडाघडा शपथ घेतली, तुळईला ओळंबा बांधला, आणि वजन चांगलं दोन बोटं कललं.

"कोणाच्या पोटात काय आहे ते काढा बाहेर!" आक्का कडाडली.

पाववालीची आत्या खाटेवर बसून होती, घरातली सगळ्यात मोठी आणि सगळ्यात तिखट. ती म्हणाली, "मला बघायला एक जण आला होता, एवढंच मी सांगत आलेय. पुढचं ऐका. त्याने माझ्याआधी भट्टीची चौकशी केली, मी त्याला दार दाखवलं. संपली गोष्ट."

ओळंबा ढिम्म हलला नाही. मग आक्काचा नवरा, जो तिच्या हाताखाली माल कालवायचा, त्याने विहिरीत पडलेल्या बोकडाची गोष्ट पुरी केली. ती कुणी मागितली नव्हती. तरी ओळंबा तसाच. आक्का वैतागून पाणी आणायला बाहेर गेली.

परत आली तेव्हा नवरा दोरीकडे टक लावून उभा होता. त्याने तिला कोपऱ्यात घेतलं. "अगं, तू बाहेर गेलीस की हा सरळ होतो. आत आलीस की कलतो."

काखेत कळसा आणि गावाला वळसा! आक्काने बादली खाली ठेवली.

"डोकं दुखतंय म्हण," नवरा कुजबुजला. "घरी जाऊ. दुसरा गवंडी बांधेल. कुणाला कळायचंय?"

खरंच कुणाला कळलं नसतं. थापी राहिली असती, नाव राहिलं असतं. पण ओढ होती याचा अर्थ दुसरा तुकडा इथेच होता, या खोलीत. ती नऊ वर्षांची असल्यापासून ज्याची वाट बघत होती, तो. आक्काने थापी जमिनीवर ठेवली.

"अर्धी गोष्ट माझ्याकडे आहे," ती म्हणाली. "माझ्या बापाची. तोही गवंडीच. एका डोंगराची लेक म्हणजे नदी, लांब निघून गेली. डोंगराला तिला भेटायचं होतं, पण चालणार कसा? सगळे हसले. एक मुंगी तेवढी म्हणाली, चल, मी नेते तुला. इथे बाप थांबला. कामावरून आलो की पुढचं सांगतो म्हणाला. आलाच नाही. वाटेत तापाने गेला म्हणे. तो घरी असला की मी सारखी पुढचं सांगा, पुढचं सांगा करायचे. मला वाटायचं, माझा कंटाळा आला असेल त्याला."

तिच्या तोंडून हे आजवर नवऱ्यानेही ऐकलं नव्हतं.

पाववाली होती तिथेच खाली बसली. "मुंगी होय! अहो, मी तर जन्मभर विचार करतेय, खडा उचलला कुणी? माझ्याकडे नुसती शेपूट आहे, डोकंच नाही. ही भट्टी बांधायला एक गवंडीकाका आले होते. मी सात वर्षांची. अंगात ताप, तरी जेवणाच्या सुट्टीत मला समोर बसवून रोज तेवढंच सांगायचे."

"काय सांगायचे?" आक्का तिच्यासमोर येऊन बसली.

"तिने एक खडा उचलला आणि निघाली. दुसऱ्या दिवशी दुसरा. माणसं म्हातारी झाली, तरी तिचं आपलं चालूच. शेवटचा खडा नदीत टाकला, तेव्हा डोंगर म्हणाला, उशीर झाला गं बाळ, पण आलो. मग मला विचारायचे, नीट जमलाय का शेवट? घरी लेक वाट बघतेय, तिला असातसा चालत नाही."

आक्का रडली. भट्टीच्या कट्ट्यावर डोकं टेकून, लहान पोरीसारखी हुंदके देत रडली. तो कट्टा तिच्या बापानेच बांधला होता. नवरा नाक पुसत उगाच माल ढवळत राहिला. ओळंबा सरळ झाला होता, पण तिकडे बराच वेळ कुणी बघितलं नाही.

शेवटी आक्का उठली आणि रिकाम्या हातांनी दाराकडे निघाली.

"कुठे चाललीस?" आत्या गरजली.

"शपथ खोटी निघाली, आत्याबाई. थापी ठेवली मी."

"ठेवायची ती अर्धी गोष्ट असलेल्याने. तुझ्याकडे कुठे आहे आता अर्धी? उचल ती, आणि शपथ घे. एकदा तरी खरी घे!"

आक्काने थापी उचलून तिच्यावर हात ठेवला. या वेळी घडाघडा नाही, एकेक शब्द सावकाश उच्चारून शपथ घेतली. मग तिने पदराने तोंड पुसलं आणि नवऱ्यावर ओरडली, "अहो, माल सुकतोय, बघत काय बसलात? वीट द्या!"