प्रतिवादीची तब्येत

इंदूआक्का खराडेच्या पुढच्या खोलीचा दावा आमच्या तालुका कोर्टात इतका मुरला होता, की तो लावणारा तिचा नवरा केशव गेला आणि त्याच्या जागी तिचं नाव लागलं. खोली एसटी स्टँडच्या तोंडाला. तिथं खानावळ काढायची, एवढंच आक्काच्या मनात. पण खोलीला कुलूप तिच्या चुलत सासऱ्यांचं, दत्तूआण्णांचं. मुळात प्रतिवादी आण्णांसह तीन भाऊ. त्यातले दोघे वारले, आणि दर वेळी दावा जागच्या जागी बसला. माणूस घरच्यांसाठी एकदाच मरतो. कोर्टात मात्र वारस दाखल होईपर्यंत तो मरतच राहतो. एक वारस बडोद्याला, एक भिलाईला, आणि नोटीस आली की घरात कुणीच नाही.

शेवटी आक्काच्या शिरगुप्पे वकिलांनी हायकोर्टात अर्ज टाकला आणि हुकूम आला: खालच्या कोर्टाने सहा महिन्यांत निकाल द्यावा. आक्काने गल्लीभर पेढे वाटले. वकिलांनी आपला पेढा संपवला आणि म्हणाले, "आता तुमच्याकडं एकच काम, आक्का. आण्णांना सहा महिने जगवा."

आण्णा चौऱ्याऐंशीचे, एकटे राहणारे, पोरं सहा गावांत पांगलेली. तोवर आक्का दर तारखेला त्यांच्या नावानं बोटं मोडत आली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी ती त्यांच्या दारात आंबिलीचा तांब्या घेऊन उभी.

"आधी तू पी," आण्णा म्हणाले.

तिनं अर्धा तांब्या रिकामा केला. दुसऱ्या दिवशी मोठा तांब्या आणला.

मग तंबाखूची चंची गटारात गेली. वडेवाल्याला दम मिळाला, की या म्हाताऱ्याला वडा दिलास तर तुझी कढई उपडी करीन. सकाळी टेकडीवर चालणं, दुपारी ज्वारीची पेज, आणि आण्णा शिंकले की आक्का डॉक्टरकडं. म्हाताऱ्यांची सेवा आमच्या गावात होते, नाही असं नाही. पण ती बहुधा मृत्युपत्रावर सही होईपर्यंत. इथं मृत्युपत्रातून मिळायचं काहीच नव्हतं, तरी सेवा चोख. चार महिन्यांत आण्णांच्या गालांवर लाली आली.

आण्णांचे वकील मगदूम मात्र जुन्या हत्यारावर विसंबून होते. साक्षीच्या तारखेला त्यांनी डॉक्टरांचा दाखला पुढं केला: पक्षकार अंथरुणाला खिळले आहेत, तारीख मिळावी.

"कोण खिळलंय?" मागून आवाज आला. कडक इस्त्रीची टोपी घालून आण्णा दारात उभे होते. आक्कानंच चालवत आणलं होतं. "सकाळी टेकडी चढून आलोय मी. हा वकील चढून दाखवंल का?"

न्यायाधीशबाई तरुण होत्या. त्यांनी हसू आवरलं आणि साक्ष आजच घेऊ म्हणाल्या. शिरगुप्पेंनी विचारलं, खोली कुणाची? आण्णा ताठ उभे राहिले. म्हणाले, केशवाची, खोटं कशाला बोलू. मग कुलूप का घातलं?

"त्यानं पोरीच्या लग्नात मला मानाचा फेटा बांधला न्हाई."

मगदुमांनी फाईल मिटली ती मिटलीच.

पाचव्या महिन्यात निकाल आक्काच्या बाजूनं लागला. कुलूप निघालं, भिंतींना चुना लागला, आणि खानावळ सुरू झाली. पहिल्याच दिवशी दुपारी आण्णा येऊन पंख्याखाली बसले. आतून मटणाच्या रश्श्याचा वास येत होता.

"अपिलाची मुदत हाय अजून," ते म्हणाले. "मगदूम म्हणतोय, करूया."

"करा की," आक्कानं त्यांच्यापुढं पेजेची वाटी ठेवली. "अपील चालेल तोवर तुम्हाला जगवायलाच पायजे. म्हणजे पेज."

आण्णांनी वाटीकडं पाहिलं, शेजारच्या कंडक्टरच्या ताटाकडं पाहिलं. मग त्याचाच फोन मागून घेतला आणि खानावळभर ऐकू जाईल एवढ्या आवाजात मगदुमांना सांगितलं, अपील नको.

आक्का ताट वाढायला आत वळलीसुद्धा होती.