मी 'नगण्य' लिहिणार नाही

मित्रांनो, मी एक जुना साचा आहे, पण मला हातात धरता येणार नाही. माझ्यात माती नाही, लोखंडही नाही. मी चार चिन्हांचा आहे: टक्क्याची खूण, टिंब, तीनचा आकडा आणि शेवटी एफ हे अक्षर. टक्क्याची खूण असली तरी टक्केवारीशी माझा काडीचाही संबंध नाही. आकड्यांची रांग फायलीत उतरवायची झाली की संगणक मला विचारतो, "कशी लिहू?" मी सांगतो, "टिंबापुढे तीन घरे. एक कमी नको, एक जास्त नको."

पाणी तपासणाऱ्या एका प्रयोगशाळेत ताईंनी मला लिहिले. ताई रसायनांच्या जाणकार, बोलायला कमी. तीनच घरे का, असे कोणी विचारले तेव्हा त्या म्हणाल्या होत्या, "आपलं यंत्र तिसऱ्या घरापर्यंतच खरं बोलतं. पुढचं लिहिणं म्हणजे थापा."

नळाच्या पाण्यात शिसे किती, याचे आकडे मी वर्षानुवर्षे उतरवले. फाईल पाणीखात्याकडे जाई; लिटरमागे ०.०१० मिलिग्रॅमच्या वर आकडा दिसला की तिथले यंत्र तो नळ बंद करायला सांगे. फाईल पाहून पाहुणे म्हणत, "काय सुबक रांग आहे!" रांगेचे कौतुक झाले. साच्याला कोण विचारतो?

मग संगणकाचे काम बघायला एक गृहस्थ आले. सगळे त्यांना झटपटराव म्हणत. एका शुक्रवारी, पाणीखात्याचे कार्यालय बंद व्हायला थोडाच वेळ उरला असताना, मी अडलो. पडद्यावर लाल ओळ उमटली: साचा आणि आकडे जुळत नाहीत.

"ताई, तुमचे आजोबा ऐन वेळी फतकल मारून बसले," झटपटराव म्हणाले.

त्यांनी माझ्या जागी डी अक्षराचा दुसरा साचा बसवला. डी टिंबापुढचे सगळे छाटून टाकतो, म्हणून माझे त्याच्याशी कधी पटले नाही. पण त्या दिवशी तोही अडला. मग त्यांनी एस आणला. एस म्हणजे होयबा. आकडा द्या, शब्द द्या, शिवी द्या, तो लिहून मोकळा. फाईल क्षणात तयार झाली.

"बघा, किती गुणी बाळ! आजोबांना आता पेन्शन द्या."

मला रडू आले नाही, मित्रांनो. राग आला. रांगेत एक जरी शब्द शिरला तरी संगणक सगळ्या रांगेलाच शब्द समजतो. मी अडलो तो त्यासाठी.

ताईंनी फाईल उघडली. आकड्यांमध्ये, प्राथमिक शाळेच्या नळापुढे, एक शब्द बसला होता: नगण्य.

"हे कोणी लिहिलं?"

"मीच. यंत्रावर शून्य, टिंब, शून्य दिसलं. म्हटलं, पुढे राहिलं काय? कपाळ!"

"पुढेच तर सगळं असतं," ताई म्हणाल्या. "आणि पाणीखात्याचं यंत्र शब्द वाचत नाही. घर कोरं समजून पुढे सरकतं. हा नळ कोणी बंदच करणार नाही. सोमवारी पोरं तेच पाणी पिणार."

त्यांनी शाळेच्या बाटलीतले पाणी पुन्हा यंत्राला लावले. आकडा आला ०.०२७.

झटपटरावांचा चेहरा उतरला. "ताई, मी खरंच..."

"वाईट नंतर वाटून घ्या. आधी आकडा घाला."

शब्द गेला, आकडा आला. ताईंनी सगळी रांग पुन्हा आकड्यांत बदलली, एसला काढले आणि मला जागेवर बसवले. मी एका दमात फाईल लिहिली. ती वेळेत पोचली. तरी ताईंनी फोन केलाच. "शाळेचा नळ आजच बंद करा. हो, आजच."

झटपटराव मला अजूनही आजोबाच म्हणतात. म्हणू देत. मित्रांनो, पडद्यावर लाल ओळ आली की साच्यावर दात-ओठ खाऊ नका. रांगेत काय शिरले आहे, ते आधी पाहा. माझी निगा राखा, असे मी म्हणत नाही. हवे तर मला खोडून टाका. पण मी असेपर्यंत आकड्याच्या घरात शब्द बसवायला आलात, तर मी अडणार. गयावया करा, घड्याळ दाखवा, तरी अडणार.

शाळेच्या त्या नळावर आता कुलूप आहे. कुलपाला कोणी हट्टी म्हणत नाही.