कासाराचा हात

मित्रांनो, मी एक जुना व्हिडिओ कॅमेरा आहे. परदेशातल्या कारखान्यात जन्मलो आणि बरीच वर्षं पुण्यातल्या लग्नांत मिरवलो. मांडवातले मानपान, रुसवे, जिलबीची ताटं, सारं टिपलं. "काय स्वच्छ येतं हो!" असं लोक म्हणत, तेव्हा मी फुशारून जाई. मग नवे कॅमेरे आले आणि बिबवेवाडीच्या अनंतने मला जुन्या बाजारातून उचललं.

अनंत कॉलेजात होता. 'पुरुष म्हणजे काय' यावर त्याला एक प्रायोगिक शॉर्टफिल्म करायची होती. मला वाटलं, आता आखाडे बघायला मिळणार. पण त्यानं मला उभं केलं बांगड्यांच्या दुकानात, स्वतःच्या वडिलांसमोर. दिगंबरराव जातिवंत कासार. चाळीस वर्षं बायकांच्या हातात बांगड्या भरत आलेले. तरुणपणी तालमीतले मित्र त्यांना म्हणत, "तूच भर की दोन!" ते बोलणं त्यांना अजून सलत होतं.

"बाबा, तुमच्या हातात भरू का?" अनंतने विचारलं.

त्यांनी मनगटावरचं घड्याळ काढून ठेवलं. मग त्यांनी हात पुढे केला. "भर. बघू तरी कसं वाटतं."

चुडा भरून झाला की बाई कासाराला नमस्कार करते. दिगंबररावांनी हिरव्या बांगड्यांचे हात जोडून मुलाला नमस्कार केला आणि ते रडले. मीही गहिवरलो. इतकं खरं मी कुठल्याच मांडवात पाहिलं नव्हतं.

फिल्म कॉलेजात दाखवली, टाळ्या पडल्या. कुणीतरी बांगड्या घालून रडण्याचा तेवढाच तुकडा मोबाईलवर उचलला आणि आठवड्यात तो बिबवेवाडीभर फिरला. चुडा भरायला आलेली शालू नावाची नवरी दिगंबररावांनी हात धरताच तो तुकडा आठवून फिस्सकन हसली. त्यांनी तिचा हात सोडला. "अगं, तूच भर हिला," असं बायकोला, आनंदीबाईंना, सांगून ते उठले. त्यानंतर त्यांनी कुणाच्याच हातात बांगडी भरली नाही.

"बाबा, तुम्हीच तर हो म्हणालात," अनंत रडवेला होऊन म्हणाला.

"भरायला हो म्हणालो. लोकांना दाखवायचं विचारलंस?"

तेव्हापासून मी कपाटात आहे. मित्रांनो, माझी काच पुसा, मला ओलीपासून जपा. पण माझ्यासमोर ज्याला बसवाल, त्याला त्याहून जपा. टिपलेलं दाखवण्याआधी त्याला पुन्हा एकदा विचारा. दिगंबरराव नाही म्हणाले असते, तर फार तर एक फिल्म घरात पडून राहिली असती. आता त्यांचे हात रिकामे बसून असतात.