पखवाजाची कणीक

बोरिवलीच्या त्या इमारतीत चौथ्या मजल्यावर राहणारा श्यामकांत पवईला पदार्थविज्ञान शिकवून निवृत्त झाला होता आणि आता शिकवायला कोणी सापडत नसल्यामुळे काळ सांधत बसला होता. काळाचे फाटे चाळीतल्या खोल्यांसारखे शेजारी शेजारी असतात आणि मधली भिंत पातळ असते, असं त्याचं म्हणणं. दोन्हीकडे एकाच वेळी, एकाच जागी हुबेहूब तेच काम झालं की भिंत विरते. मग मनगट धरून पलीकडचं माणूस अलीकडे ओढता येतं. कसं, ते विचारायची सोय नव्हती. विचारलं की तो फळा काढी.

तळमजल्यावरच्या सहदेवने विचारलं नाही. त्याला आणि बायकोला, सुलक्षणाला, एकाच आठवड्यात डेंगी झाला होता. तो उठला, ती गेली.

"पलीकडे ती उठली, तू गेलास," श्यामकांतने त्याला धीर दिला.

तेव्हापासून दर सर्वपित्रीला सहदेव गच्चीवर तिच्या आवडीच्या खिरीचं पान ठेवी. भिंत काही विरेना.

"अरे गाढवा, तिकडे मेलायस तू," श्यामकांत शेवटी म्हणाला. "ती तुझ्या आवडीचं वाढत असणार. जुळणार कसं?"

म्हणून यंदा सहदेवने स्वतःच्याच आवडीचं काळ्या वाटाण्यांचं सांबार केलं, वडे तळले. वडे करपले. तिचेही करपायचे, तेवढं आपोआप जुळलं.

दुपारी पाण्याच्या टाकीजवळ पान ठेवलं, तशी समोरची हवा तापलेल्या डांबरावर हलते तशी हलली. पलीकडे सुलक्षणा उभी होती.

"आलात?" तो दूध आणायला गेला असावा अशा सुरात ती म्हणाली. "चपला काढा आधी. पान वाढलंय."

त्याने काढल्या. "बरी आहेस ना गं?"

"झकास. तुमचीच कृपा." ती सांगू लागली. "दहाव्याला तुमच्या पिंडाला कावळा शिवेना. आपल्या देवेशने गावचं घर शाकारायचा शब्द दिला, भाऊजींनी बांधाचा तंटा सोडला. कावळा ढिम्म. उन्हाने माझं डोकं उठलं. म्हटलं, मंडळात पखवाज शिकू का मी? आणि झेपावला की हो. जन्मभर नाही म्हणालात, मला वाटलं, वर जाऊन सुधारलात."

सहदेवने तिचे हात पाहिले. बोटांना घट्टे, डाव्या तळव्याला वाळलेली कणीक. पखवाजाच्या डाव्या तोंडाला कणीक लावतात. "कणीक चपात्यांसाठी असते," हे त्याचं वाक्य. इकडे बायकांच्या भजन मंडळाची पायरी ती कधी चढलीच नव्हती.

इकडे तिच्या दहाव्यालाही कावळा आला नव्हता. सहदेवने देवीची ओटी कबूल केली, सुनेला पाटल्या कबूल केल्या, फ्रीजसुद्धा बदलतो म्हणाला. पखवाज ओठांवर आला होता. पण भावकी उभी होती. शेवटी भटजींनी दर्भाचा कावळा करून शिववला.

आता त्याने हात पुढे केला. तिचं मनगट वीतभर अंतरावर होतं.

"काय ते लवकर बोला, मला मुलुंडला कार्यक्रमाला जायचंय," ती म्हणाली. मग जरा थांबून, "एक विचारू? त्या दिवशी हो म्हणालात ते मनापासून ना? की भूक लागली होती?"

सहदेवचा हात तिथेच राहिला. इकडे ओढलं तर तिला द्यायला त्याच्याजवळ काय होतं? तळमजल्याची खोली आणि तो.

"मनापासून," तो म्हणाला. "ठेका सोडू नकोस."

ती हसली. त्याने हात मागे घेतला आणि समोर नुसती टाकी उरली.

जिन्याच्या दारातून श्यामकांतने डोकं काढलं. "आणलीस?"

"तिला कार्यक्रम आहे."

श्यामकांतला फळा काढावासा वाटला नाही. तो खाली गेला.

इतक्यात टाकीवरून एक कावळा उतरला आणि थेट पानावर बसला.

"आता कशाला आलास रे," सहदेव म्हणाला आणि त्यातल्या त्यात कमी करपलेला वडा त्याच्याकडे सरकवला.